सुरुवातीच्या बोलपटांतल्या सहाय्यक अभिनेत्री: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

प्रभात फिल्म कंपनीचा एखादा जुना चित्रपट कुठे दाखवला गेला, की पुढचे काही दिवस तेच ते प्रश्न येत राहतात. नायिकेबद्दल कुणी विचारत नाही, तिची माहिती सगळीकडे असते. लोक विचारतात ते "ती सासू कोण हो?", "ती काकू झालेली बाई पुढे कशात दिसली?" असे प्रश्न. तेच इथे एकत्र केले आहेत. भर मराठी बोलपटांवर, त्यातही १९३१ ते १९४५ या काळावर आहे. हिंदीचा संबंध येतो तिथे तोही घेतला आहे.

सहाय्यक अभिनेत्री म्हणजे नेमकी कोण? त्या काळी हा शब्द वापरत होते का?

नायिका सोडून ज्या बाईला नाव असलेलं पात्र आणि बोलायला संवाद आहेत, ती सहाय्यक अभिनेत्री. आई, सासू, मोलकरीण, मैत्रीण, सवत, राणीची दासी, खलनायिका, सगळ्या यातच आल्या. हा शब्द पुढे रूढ झाला. त्या काळी कंपनीत "चरित्र भूमिका", "दुय्यम काम" किंवा नुसतं "आईचं काम" असं म्हणत. त्याखाली "एक्स्ट्रा", म्हणजे गर्दीत उभ्या राहणाऱ्या. या दोन पायऱ्यांमधली रेघ फार पुसट होती. आज पाणी भरणाऱ्या बायकांत उभी असलेली मुलगी पुढच्या चित्रपटात चार वाक्यं बोलायची.

पुरस्कारांनी या कामाला वेगळं नाव दिलं ते बरंच उशिरा. फिल्मफेअरने सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार सुरू केला तो १९५५ साली, आणि पहिला मान मिळाला आपल्या उषा किरण यांना, 'बादबान'साठी. राष्ट्रीय पुरस्कारांत हा विभाग यायला १९८४ उजाडलं. म्हणजे या पानावरच्या बहुतेक बायकांनी ऐन उमेदीतली कामं केली तेव्हा त्या कामाला बक्षीस नव्हतं.

पहिला बोलपट कोणता? आणि त्यात नायिकेशिवाय कोण बायका होत्या?

भारतातला पहिला बोलपट 'आलम आरा'. अर्देशीर इराणींच्या इम्पीरियल कंपनीचा हा चित्रपट १४ मार्च १९३१ रोजी मुंबईत गिरगावच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. नायिका जुबेदा. सोबत जिल्लूबाई आणि सुशीला होत्या. या चित्रपटाची एकही प्रत आज शिल्लक नाही. छायाचित्रं, जाहिराती आणि पाहिलेल्यांनी लिहून ठेवलेलं, एवढंच हाती आहे.

मराठीत 'अयोध्येचा राजा' आला ६ फेब्रुवारी १९३२ रोजी. तेव्हा प्रभात कोल्हापुरात होती, पुण्याला आली १९३३ मध्ये. दिग्दर्शक व्ही. शांताराम, हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे, तारामती दुर्गा खोटे. हा चित्रपट सुदैवाने टिकला आहे. ज्यांना या विषयात खरोखर शिरायचंय त्यांनी सुरुवात इथूनच करावी.

जिल्लूबाईंचं नाव लक्षात ठेवा, आईच्या भूमिकांबद्दलच्या प्रश्नात त्या पुन्हा भेटतील.

आवाज आल्यामुळे या बायकांसाठी काय बदललं?

सगळंच. मूकपटात चेहरा बोलका असला की भागत होतं. अँग्लो-इंडियन आणि ज्यू मुली तेव्हा आघाडीवर होत्या, कारण घरच्यांचा विरोध कमी आणि कॅमेऱ्यासमोरचा मोकळेपणा जास्त. त्यांच्यातली सर्वांत मोठी तारका सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स. आवाज आला आणि तिच्यासमोर हिंदुस्तानी भाषेचा डोंगर उभा राहिला. तिने काम थांबवलं, भाषा शिकली आणि आपल्याच गाजलेल्या मूकपटांच्या बोलत्या आवृत्त्या घेऊन परत आली. सगळ्यांना ते जमलं नाही.

मराठीत झालं ते उलटं. ज्यांच्या तोंडी घरातलीच भाषा होती, त्यांच्यासाठी दार उघडलं. नायिकेला गाणं येणं आवश्यक होतं, रूपही हवं होतं. पण सासू, शेजारीण, मोलकरीण यांना लागत होतं ते बोलणं. खणखणीत, ओळखीचं, ओट्यावरचं बोलणं. माझं ठाम मत आहे की मराठी बोलपट खऱ्या अर्थाने बोलायला लागला तो या दुय्यम भूमिकांतून. त्या वर्षांतले नायक-नायिकांचे संवाद ऐका, बरेचदा ते संगीत नाटकातल्यासारखे भारदस्त, तोलून-मापून टाकलेले वाटतात. मग तोच चित्रपट स्वयंपाकघरात शिरतो आणि कुणीतरी बाई तोंड उघडते. कान टवकारतात, कारण हे बोलणं आपण घरी ऐकलेलं असतं.

या अभिनेत्री आल्या कुठून?

अनेक वाटांनी. काही मूकपटातूनच पुढे आल्या. काही गायिकांच्या, कलावंतिणींच्या घराण्यांतून आल्या. हंसा वाडकर यांनी 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रात आपल्या घराण्याबद्दल मोकळेपणाने लिहिलं आहे. काही मैफलीच्या दुनियेतून आल्या, त्यांत सुंदराबाई जाधव यांचं नाव आधी घ्यावं लागेल. ठुमरी आणि लावणीसाठी नावाजलेल्या या बाईंनी 'माणूस' (१९३९) मध्ये शाहू मोडकांच्या गणपत हवालदाराची आई केली.

रंगभूमीवरून मात्र वाटतं तितक्या बायका आल्या नाहीत, कारण मराठी रंगभूमीवर स्त्रियांची कामं प्रामुख्याने पुरुषच करत होते. नाट्यमन्वंतर या नाट्यसंस्थेने १९३३ मध्ये 'आंधळ्यांची शाळा' हे नाटक केलं आणि त्यात ज्योत्स्ना भोळे, पद्माबाई वर्तक यांनी स्त्री-भूमिका केल्या, तेव्हा ती बातमी होती. म्हणजे 'अयोध्येचा राजा' येऊन वर्ष उलटून गेलं होतं. या एका बाबतीत सिनेमा नाटकाच्या पुढे होता.

सुशिक्षित घरांतल्या बायका फार थोड्या. दुर्गा खोटे आल्या तेव्हा गहजब झाला. शकुंतला परांजपे हे दुसरं नाव, आणि त्यांची गोष्ट आणखी वेगळी. रँग्लर र. पु. परांजपे यांची ही मुलगी, स्वतः केंब्रिजला गणित शिकलेली. 'कुंकू' (१९३७) मध्ये त्यांनी म्हाताऱ्या वकिलाची समाजकार्य करणारी मुलगी केली. वयाने सावत्र आईपेक्षा मोठी, आणि बापाच्या बाजूने उभी न राहता तिच्या बाजूने उभी राहणारी. पुढे त्यांनी संततिनियमनाच्या प्रचारासाठी आयुष्यातली कितीतरी वर्षं दिली, राज्यसभेवरही गेल्या. सई परांजपे त्यांच्या कन्या. 'कुंकू' पाहताना हे माहीत असलं की त्यांच्या तोंडचं प्रत्येक वाक्य वेगळं ऐकू येतं.

फाळक्यांच्या चित्रपटात बायका नव्हत्याच ना? मग पहिली सहाय्यक अभिनेत्री कोण?

'राजा हरिश्चंद्र' (१९१३) मध्ये नव्हत्या. तारामती अण्णा साळुंके यांनी केली होती. पण त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दोघी होत्या: मोहिनी झालेल्या कमलाबाई आणि पार्वती झालेल्या त्यांच्या आई, दुर्गाबाई कामत. नायिका लेक आणि दुय्यम भूमिकेत आई! कमलाबाई म्हणजे चंद्रकांत गोखले यांच्या आई आणि विक्रम गोखले यांच्या आजी. मूकपटाचा काळ या पानाच्या कक्षेबाहेरचा आहे, पण दुर्गाबाईंचं नाव घेतल्याशिवाय पुढे जाववत नाही.

सुरुवातीच्या बोलपटांत संवाद आणि गाणी कशी ध्वनिमुद्रित करत?

जागेवरच. नंतर आवाज भरण्याची सोय नव्हती. त्यामुळे नटीने जे म्हटलं ते चित्रासोबत तिथल्या तिथे पट्टीवर उमटायचं. कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये येऊ नये म्हणून तो झाकून ठेवायचा. 'आलम आरा'चा स्टुडिओ रेल्वेमार्गाजवळ होता, म्हणून गाड्या थांबल्यावर रात्री चित्रीकरण करत. माइक फुलदाणीमागे किंवा पडद्याआड लपवलेला असे नाहीतर वर टांगलेला, आणि त्याच्या टप्प्याबाहेर गेलं की आवाज गेला. प्रखर दिवे तापलेले, अंगावर जरीचं लुगडं, आणि हलायचं नाही.

आता यात दुय्यम भूमिकेतल्या बाईची जागा कुठे? बरेचदा चौकटीच्या कडेला, माइकपासून लांब. नायिकेचं तोंड माइककडे असे, हिला मान वळवून बोलावं लागे. तरी शब्द पोचला पाहिजे, आणि ओरडल्यासारखंही वाटता कामा नये. शिवाय नायिका गात असताना मागे उभ्या असलेल्या दासीने चुकून बांगडी वाजवली, तर अख्खं गाणं पहिल्यापासून. जुना चित्रपट पाहताना अशा बायकांचे हात पाहा. गाण्याच्या वेळी किती जणी हात पोटाशी घट्ट धरून उभ्या असतात, ते लक्षात येईल. मला त्या हातांत ती भीती दिसते.

मग त्या स्वतःच गात होत्या का? पार्श्वगायन कधी आलं?

सुरुवातीला हो, पडद्यावर जी गाते तीच खरी गाते. वादक दृष्टीआड बसवलेले. पार्श्वगायनाची पद्धत न्यू थिएटर्सच्या 'धूप छाँव' (१९३५) आणि त्याच्या बंगाली आवृत्तीपासून आली असं मानलं जातं, पण ती सगळीकडे रुळायला काही वर्षं गेली.

सहाय्यक अभिनेत्रींच्या दृष्टीने हा बदल दुधारी होता. गाता न येणाऱ्या चांगल्या नटीला वाव मिळाला. पण निव्वळ गळ्यामुळे दुय्यम भूमिका मिळवणाऱ्यांची गरज हळूहळू संपली. 'माणूस'मधली सुंदराबाईंची आई आठवा. ती भजन म्हणते तेव्हा तो मुरलेला आवाज तिच्याच देहातून येतोय हे जाणवतं. चित्रपटाची नायिका मैना त्या घरात का थांबू शकत नाही, हे संवादांपेक्षा त्या आवाजातून जास्त कळतं.

'संत तुकाराम'मधली जिजाई कोण? तिच्याबद्दल सगळं सांगा.

सर्वाधिक विचारला जाणारा प्रश्न हाच. तिचं नाव गौरी. श्रेयनामावलीत एवढंच, आडनाव नाही. प्रभातमध्ये गर्दीतली, बारीकसारीक कामं करत आलेली ही बाई. १९३६ साली दामले-फत्तेलाल यांनी तिला तुकारामांची बायको केलं, तुकाराम झालेल्या विष्णुपंत पागनीसांच्या समोर. मुंबईच्या सेंट्रल सिनेमात तो चित्रपट वर्षाहून अधिक काळ चालला, १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. पागनीसांचं नाव घरोघर गेलं. त्यांच्या फोटोला लोक हार घालू लागले.

आणि गौरी? तिच्याशिवाय तो चित्रपट उभाच राहिला नसता, हे मी अनेकदा पाहून सांगतो. तुकारामाचं मन विठ्ठलात. घरात दाणा नाही हे दिसतं ते जिजाईला. ती म्हशीची उस्तवार करते, पोरं सांभाळते, नवऱ्याला फैलावर घेते आणि पंढरीच्या त्या काळ्यालाही सोडत नाही. पोर आजारी पडतं तेव्हा ती त्याला घेऊन हातात चप्पल धरून देवळात घुसते. संतपटात! १९३६ साली! आणि प्रेक्षक तिच्यावर रागावले नाहीत. कारण गौरीने तो प्रसंग देवाच्या अपमानासारखा केलेलाच नाही. आवाज चढलेला आहे, पण चढत जाताना तो मध्येच फाटतो, आणि तिथे आई दिसते. घरच्या माणसाशी भांडावं तसं ती विठ्ठलाशी भांडते, म्हणजे तिचाही विठ्ठल आहेच. भक्तीचा हा दुसरा मार्ग तिने एका हातवाऱ्यात दाखवला.

संवाद शिवराम वाशीकरांचे. ते कागदावर उत्तम असतीलच, पण गौरी ते असे टाकते की लिहिलेले वाटतच नाहीत. वाक्याचं शेपूट ती गिळते, शब्दाच्या मध्येच श्वास घेते, पाठमोरी होऊन बोलते. शिकवलेली नटी हे करत नाही. पागनीसांची लय संथ, हिची धावती, आणि दोन्ही लयी एकमेकींवर आपटतात तिथे तो संसार खरा होतो. चित्रपटाच्या शेवटी वैकुंठाला निघालेल्या नवऱ्यासोबत ती जात नाही, मागे राहते. गौरीच्या जिजाईला दुसरं काही शोभलंच नसतं.

गौरीने नंतर काय केलं?

प्रभातमध्येच राहिली. 'संत सखू' (१९४१) मध्ये हंसा वाडकरांच्या सखूला छळणारी सासू तिनेच केली. जिजाईचा राग आणि या सासूचा राग शेजारी ठेवून पाहा. पहिल्यात माया आहे, दुसऱ्यात नाही, आणि तरी आवाजाची पट्टी जवळपास तीच. एवढा फरक नुसत्या नजरेने दाखवणं सोपं नाही. जिजाईच्या तोडीची भूमिका तिला पुन्हा मिळाली नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

पैसे किती मिळायचे? नोकरी होती की चित्रपटागणिक मोबदला?

मोठ्या कंपन्यांत महिन्याच्या पगारावर करार असे. नट, नटी, सुतार, रंगारी, सगळे पगारी. करार असेपर्यंत दुसऱ्या कंपनीत काम करता येत नसे. चित्रीकरण नसेल तरी कंपनीत हजर राहायचं, तालमी करायच्या. एक्स्ट्रांना रोजावर घेत.

सहाय्यक अभिनेत्रीला याचा फायदाही होता आणि तोटाही. चूल पेटती राहण्याची खात्री होती. उलट एखादी भूमिका गाजली तरी तिला बाहेर जाऊन भाव मागता येत नव्हता. कराराविरुद्ध कुणी उघड उभं राहिलं तर ती होती शांता आपटे. १९३९ मध्ये तिने प्रभातच्या फाटकाशी उपोषण केलं, आणि पुढच्याच वर्षी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहून या धंद्यात येऊ पाहणाऱ्या मुलींना आतली परिस्थिती सांगितली. ती नायिका होती म्हणून तिचं उपोषण बातमी झालं. तिच्यामागच्या दुय्यम बायकांना असं बसता आलं असतं का, याचा विचार ते पुस्तक वाचताना मनात येतोच.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात बाहेरचा पैसा आला, मोठे कलाकार करारांतून मोकळे झाले आणि पगारी पद्धत मोडत गेली. शांताराम १९४२ मध्ये प्रभातमधून बाहेर पडले. नायिकांना ही मोकळीक फळली, पगारावर जगणाऱ्या दुय्यम नटींना मात्र दर महिन्याची हमी गमवावी लागली.

शांता आपटे नायिका की सहाय्यक? काही ठिकाणी दोन्ही लिहिलेलं दिसतं.

दोन्ही बरोबर, चित्रपट पाहून ठरवा. 'श्यामसुंदर' (१९३२) मध्ये ती राधा. 'अमृतमंथन' (१९३४) मध्ये राणी नलिनी तर्खड, शांता आपटे दुसऱ्या स्त्री-भूमिकेत. 'अमरज्योती' (१९३६) मध्ये केंद्रस्थानी दुर्गा खोटे. 'कुंकू'त मात्र सगळा चित्रपट तिच्या खांद्यावर. त्या काळी एकाच कंपनीत असल्यामुळे आज नायिका, उद्या दुय्यम असं सहज होई आणि त्यात कुणाला कमीपणा वाटत नसे. एकदा नायिका म्हणजे कायम नायिका ही समजूत पुढच्या काळातली आहे.

बालकलाकारांचा प्रश्नही याला जोडूनच येतो. प्रभातच्या 'धर्मात्मा', 'अमरज्योती', 'कुंकू'मधली छोटी वासंती, किंवा 'रामशास्त्री'तली बेबी शकुंतला, यांना सहाय्यक अभिनेत्री म्हणावं का? माझ्या मते म्हणावं. 'कुंकू'तून वासंती काढली तर नायिका नीराला हसायला कुणी उरत नाही.

'कुंकू'तली काकू कोण?

विमला वसिष्ठ. 'कुंकू'त पार्श्वसंगीत नाही, फक्त प्रसंगातले खरेखुरे आवाज आहेत. त्यामुळे काकूचं बोलणं संगीताच्या आधाराशिवाय थेट अंगावर येतं. पुन्हा पाहाल तेव्हा फक्त तिच्या आवाजाकडे लक्ष द्या.

ललिता पवार यांचा डोळा थपडेमुळे गेला हे खरं का?

प्रसंग खरा आहे, पण डोळा "गेला" नाही. येवल्याच्या अंबा सगुण, म्हणजेच ललिता पवार, मूकपटांपासून काम करत होत्या आणि तिशीच्या दशकात नायिका होत्या, हे आज अनेकांना माहीतच नसतं. १९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात सहकलाकार भगवान यांनी त्यांना थप्पड मारायची होती. ती जोरात बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला, उपचारांत वर्षं गेली, डावा डोळा बारीक झाला तो कायमचा.

इथे बहुतेक जण थांबतात आणि हळहळतात. पण खरी गोष्ट पुढे आहे. जेमतेम अठ्ठाविशीत त्यांनी नायिकापद मागे टाकलं आणि १९४४ मध्ये प्रभातच्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई केली. 'ध'चा 'मा' करणारी म्हणून मराठी मनात घर करून बसलेली बाई. अर्धवट मिटणारा तो डोळा त्यांनी लपवला नाही, वापरला. पुढे हिंदीत त्या सासू म्हटलं की डोळ्यांपुढे उभ्या राहू लागल्या, आणि 'अनाडी' (१९५९) मधल्या मायाळू मिसेस डिसाने त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळवून दिला. खाष्टपणासाठी ओळखल्या जाणाऱ्या बाईला बक्षीस मिळालं ते प्रेमळ भूमिकेचं.

बायकांना इतक्या लवकर आईच्या भूमिका का देत?

नायिकेचं वय विशी-पंचविशीत अडकलेलं, नायकाचं मात्र नाही. हा अन्याय तेव्हाही होता. पण या भूमिकांमुळे कारकीर्द लांबली हेही खरं. 'आलम आरा'तल्या जिल्लूबाई पुढे जिल्लू माँ झाल्या. 'मदर इंडिया' (१९५७) मध्ये त्या नर्गिसची सासू आहेत. आणि १९६० च्या 'मुघल-ए-आझम'मध्ये अनारकलीची आई. त्याच चित्रपटात सलीमची आई, महाराणी जोधाबाई, कोण? दुर्गा खोटे. पहिल्या हिंदी बोलपटातली बाई आणि पहिल्या मराठी बोलपटातली बाई, तीस वर्षांनी एकाच चित्रपटात, एक दासीची आई, एक राजपुत्राची. तो चित्रपट मी ज्यांच्यासोबत पाहतो त्यांना हे सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

सुलोचना नेमक्या किती? मला तर तारखा जुळतच नाहीत.

तारखा जुळत नाहीत कारण माणसं वेगळी आहेत. सुलोचना म्हणजे रूबी मायर्स, मूकपटांची सम्राज्ञी, १९७३ च्या फाळके पुरस्काराच्या मानकरी. सुलोचनादीदी म्हणजे सुलोचना लाटकर, चाळिशीच्या दशकात आलेल्या, मास्टर विनायक आणि मग भालजी पेंढारकरांच्या छायेत घडलेल्या, पुढे हिंदीतल्या सोशिक आई. सुलोचना चव्हाण म्हणजे लावणीगायिका. पहिल्या दोघींच्या चित्रपटांच्या याद्या इतक्यांदा एकत्र झालेल्या दिसतात की सरळ वर्ष पाहावं: १९४० च्या आधीची सुलोचना असेल तर ती दीदी नव्हे.

तसंच शांता आपटे आणि शांता हुबळीकर ('माणूस'ची मैना, "कशाला उद्याची बात" म्हणणारी) वेगळ्या. शकुंतला परांजपे आणि बेबी शकुंतला यांचा परस्परांशी संबंध नाही.

हिंदी आवृत्तीतही त्याच नटी असत का?

प्रभातचे अनेक चित्रपट मराठी आणि हिंदी असे दोनदा चित्रित होत. 'अयोध्येचा राजा'सोबत 'अयोध्या का राजा', 'कुंकू'सोबत 'दुनिया न माने', 'माणूस'सोबत 'आदमी'. मुख्य मंडळी सहसा तीच. एकच प्रसंग आधी एका भाषेत, मग दुसऱ्या भाषेत. मात्र सगळ्याच भूमिकांत तसं असेल असं धरून चालू नका, प्रत्येक आवृत्ती स्वतंत्र तपासा. जमलं तर एकच प्रसंग दोन्हींत पाहा. मराठीत सैल, मोकळं बोलणारी बाई हिंदीत किंचित ताठ होते. 'संत तुकाराम' मराठीतच झाला, आणि गौरीच्या बाबतीत ते बरंच झालं.

बोलपटात पुरुषांनी स्त्री-भूमिका केल्या का?

अपवाद आहे आणि मोठा आहे. बालगंधर्वांनी 'धर्मात्मा' (१९३५) मध्ये एकनाथ केले, पुरुष भूमिकेत, आणि त्यांच्या पत्नी गिरिजेचं काम रत्नप्रभा यांनी केलं. पण १९३७ मध्ये बाबूराव पेंटरांच्या 'साध्वी मीराबाई'त तेच पन्नाशीला टेकलेले बालगंधर्व मीराबाई झाले. रंगमंचावर हजारोंना भुलवलेलं ते रूप कॅमेऱ्याने जवळून पाहिलं आणि चाललं नाही. एव्हाना लोकांच्या डोळ्यांना आणि कानांना गौरीसारख्या बायकांची सवय झाली होती.

माझी आजी (किंवा पणजी) प्रभातमध्ये काम करत होती असं घरात सांगतात. नाव कुठेच सापडत नाही. काय करू?

आधी घरातल्या मोठ्यांकडून तीन गोष्टी विचारून घ्या: तिचं माहेरचं नाव, कंपनीत हाक मारायचं नाव, आणि साधारण कोणत्या वर्षांत. बायका बरेचदा वेगळ्याच नावाने काम करत, कधी नुसत्या पाळण्यातल्या नावाने. गौरीचं उदाहरण वर आहेच.

श्रेयनामावलीत नाव नसलं म्हणून हिरमुसू नका. पडद्यावर मोजकीच नावं येत, आणि कोणी कोणती भूमिका केली हे तर क्वचितच लिहीत. त्यापेक्षा चित्रपटगृहात विकायला असलेली गाण्यांची पुस्तकं शोधा. पातळ, पिवळी पडलेली, आत कथेचा सारांश, गाणी आणि पात्रयोजना. घरातल्या पोथ्यांच्या गाठोड्यात ती हमखास सापडतात, कारण बायकांनी गाण्यांसाठी जपून ठेवलेली असतात. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये सुरू झालं. तिथे छायाचित्रं आणि पुस्तिका पाहता येतात, आधी परवानगी घ्यावी लागते. प्रभातच्या मूळ जागेत आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे.

नंतर चित्रपट पाहायला बसाल तेव्हा घरातल्या सगळ्यात वयस्क माणसाला शेजारी बसवा. नायिकेकडे बघू नका. पाणवठा, देऊळ, लग्नाचा मांडव, राजवाड्यातल्या दासी अशी गर्दीची दृश्यं आली की चित्र थांबवत, मागे-पुढे करत पाहा. आणि मध्येच एकदा डोळे मिटून फक्त ऐका. चेहरा तरुणपणी वेगळा असतो, मेकअपने आणखी बदलतो. आवाज, हाक मारण्याची ढब, "अगं बाई" म्हणतानाचा हेल फारसा बदलत नाही. नात ओळखत नाही, पण ज्या लेकीने ती हाक आयुष्यभर ऐकली आहे ती क्षणात ओळखते.